वाजतगाजत घरी

मार्चमधल्या एका सोमवारी सकाळी हेट्टी पिकप डोक्यावरून शाल ओढून क्रॉसबँक मिलच्या बाजूच्या दाराने आत गेली, आणि न्याहारीची भांडी विसळून व्हायच्या आत अख्ख्या थॉर्नशॉ गावाला ते कळलं. हेट्टी काही कुणी ऐरीगैरी नव्हती. साळखात्यात, म्हणजे मिलच्या मागांच्या शेडमध्ये, तिची हयात गेली होती. युनियनची वर्गणी तिने कधी चुकवली नव्हती. मालकांनी बाईमागे चारऐवजी आठ माग चालवायचं फर्मान काढलं, तेव्हा संपासाठी आधी वर गेलेल्या हातांत तिचाही हात होता. तो मुकाट्याने वर गेला होता, पण गेला होता. म्हणून तर लोकांच्या जास्त जिव्हारी लागलं. एखादी लाळघोटी बाई फुटली असती तर चार शिव्या हासडून सगळ्या मोकळ्या झाल्या असत्या. हेट्टीला शिव्या कशा द्यायच्या हेच कुणाला सुचेना.

कारण अगदी साधं होतं, पण तिने ते कुणालाही सांगितलं नव्हतं. तिची धाकटी बहीण फ्लॉरी नाताळानंतर क्षयाच्या दवाखान्यातून घरी आली होती. घरी पाठवली म्हणजे बरी झाली असं गल्लीने धरलं, आणि हेट्टीने धरू दिलं. फ्लॉरीही विणकरीणच. साळखात्यातली ती ओली वाफ आणि धोट्याच्या भोकातून तोंडाने सूत ओढायची रीत, या दोहोंनी मिळून तिची छाती पोखरली होती. डॉक्टरांनी हेट्टीला मोरीत बाजूला घेऊन सांगितलं होतं की खोली दिवसरात्र उबदार आणि कोरडी ठेवा, पोटात दूध, अंडी, मटणाचं पाणी जाऊ द्या, तर बघू. नाहीतर ही उन्हाळा बघेल असं वाटत नाही.

संपाच्या भत्त्यात दोघी जेमतेम जेवत होत्या, पण त्यात शेगडीच्या कोळशाचा खर्च बसत नव्हता. हेट्टीने आधी परसातलं मोडकं खुराडं जाळलं, मग एक खुर्ची जाळली, मग आईची झुलती खुर्ची जाळली आणि त्या संध्याकाळी ती शेगडीकडे पाठ करून बसली. संप समितीकडे जाऊन कोळसा मागता आला असता. समितीत तिची जिवाभावाची मैत्रीण होती, मग अडचण कसली? पण मागायचं कसं हे पिकपांच्या घरात कुणी शिकलंच नव्हतं. याला कुणी स्वाभिमान म्हणेल. खरं म्हणजे तो निव्वळ आडमुठेपणा होता, आणि त्या गल्लीत तो घरोघरी सापडायचा.

तर सोमवारी ती आत गेली. जॉबरने, म्हणजे खात्याच्या मुकादमाने, तिला आठ माग दिले आणि वर हसूनही दाखवलं, ते तिला जास्त झोंबलं. पलीकडच्या टोकाला बाहेरगावाहून आणलेल्या काही अनोळखी बाया होत्या. मधले सगळे माग गप्प पडले होते, त्यांच्यावर धूळ धरली होती. हेट्टीच्या शेजारचे चार माग झिला ऑर्मरॉडचे, समितीतल्या त्याच मैत्रिणीचे. दोघी पोरवयात एकाच दिवशी कामाला लागल्या होत्या, तेव्हापासून शेजारी शेजारी. सूत तुटलं तशी हेट्टीने मान वळवली आणि सवयीने ओठ हलवले, "कांडी काय भिकार आलीय बघ." समोर कुणी नव्हतं. इतक्या वर्षांत साळखात्यात आपण एकटं बोललो असं तिला पहिल्यांदाच वाटलं.

कारण साळखात्यात एकटं कुणी नसायचंच. शेकडो माग एकदम खडखडत असताना आवाज काढून बोलणं म्हणजे तोंडची वाफ दवडणं. तिथल्या बाया ओठांनी बोलायच्या. ओठ पुरते ताणायचे, एकेक शब्द तोंडभर घडवून समोर धरायचा, घशातून हूं की चूं काढायचं नाही, आणि चार माग पलीकडची बाई तो वाचून उत्तर देणार. बाळंतपणं, भांडणं, नवऱ्यांच्या तक्रारी, सगळं या ओठबोलीत चालायचं. आवाजात बोलायला लाजणारी हेट्टी ओठबोलीत बरी बोलकी होती. आणि झिला तर दोन्हीकडे थांबायची नाही.

संध्याकाळी भोंगा झाला. बाजूचं दार उघडलं तर बाहेर गर्दी उभी होतीच. हेट्टीला ते माहीत होतं. संप फोडणाऱ्याला थॉर्नशॉमध्ये कुणी मारत नसे, अंगाला बोट लावत नसे. त्याला फक्त वाजवत घरी पोचवत. हौदाची पत्र्याची झाकणं, किटल्या, पातेली, कपडे बडवायची दांडकी, जे हाताला लागेल ते घेऊन गल्लीच्या गल्ली लोटायची आणि दारापर्यंत साथ करायची. दाराशी एक शेवटचा दणका, आणि मग सगळे गप घरी. वाटेत त्या माणसाशी अक्षर बोलायचं नाही, असा ठराव होता. हा ठराव समितीत मांडला होता झिलानेच, आणि तोही हातवारे करकरून.

बंदोबस्ताचे पोलीस दोन्ही बाजूंना चालू लागले आणि मधून हेट्टी निघाली. पत्रे असे काही वाजत होते की दात शिवशिवावेत. तिने नजर समोर लावली. तिचं घर उतारावरच्या गल्लीच्या अगदी माथ्याला, खाली तोंड करून उभं होतं, त्यामुळे सगळी चढण घर डोळ्यांसमोर राहायचं. त्या घराकडे बघत बघत चालायचं, बाकी काही बघायचं नाही, असं तिने ठरवलं.

पण झिला तिच्या बाजूला आली. भल्या थोरल्या अंगाची ही बाई, हातात हौदाचं झाकण, दुसऱ्या हातात कोळशाचं फावडं, आणि वाजवणं असं की बाकीच्यांनी शिकावं. हेट्टीने डोळ्याच्या कोपऱ्यातून पाहिलं तर तिचे ओठ हलत होते.

"काय झालं?" झिला विचारत होती.

हेट्टीने मान फिरवली.

"हेट्टी. इकडे बघ माझ्याकडे. काय झालंय?"

"फ्लॉरी," हेट्टीच्या ओठांनी सांगितलं. तिने सांगायचं ठरवलंही नव्हतं.

"तिचं काय? बरी आहे म्हणाली होतीस ना."

"खोटं बोलले."

आणि मग ते सगळं बाहेर पडलं. आवाजात जे तिने जन्मात कुणाला सांगितलं नसतं, ते त्या दणदणाटात ओठांवरून भराभर उतरत गेलं. थुंकीत रक्त पडतंय, रात्री कूस बदलली तरी धाप लागते, शेगडी विझलीय, आईची खुर्चीसुद्धा जाळली. घशाला काही करावं लागत नव्हतं म्हणून रडूही येत नव्हतं. झिलाचा एक ठोका चुकला. लगेच तिने दुप्पट जोराने झाकण बडवलं आणि चेहरा दगडासारखा ठेवला.

"मला का नाही सांगितलंस, गधडे?"

"कसं सांगणार?"

"तोंडानं," झिला म्हणाली. मग थोडं चालून, "मागच्या दाराला कडी लावू नकोस."

दाराशी शेवटचा दणका झाला आणि गर्दी पांगली. आत फ्लॉरी पुढच्या खोलीत खिडकीजवळच्या खाटेवर पडली होती. पडदा ओढलेला होता. तिने एवढंच विचारलं, "गेलीस ना आत?" हेट्टी हो म्हणाली, आणि फ्लॉरीने भिंतीकडे तोंड केलं. फ्लॉरीची मतं कडक होती. ती धडधाकट असती तर तिनेच किटली घेऊन पुढे वाजवलं असतं. हेट्टीला ते माहीत होतं, म्हणून तिनेही पुढे काही काढलं नाही. डॉक्टरांनी मोरीत काय सांगितलं, ते तर फ्लॉरीच्या कानावर जाऊ द्यायचंच नाही असं तिने पहिल्यापासून ठरवलं होतं.

सकाळी मोरीत फडक्याने झाकलेला एक लोटा होता. हाडं उकळून केलेलं सूप, वर चरबीची साय. हेट्टीने ते गरम केलं, बहिणीला चमच्याने भरवलं आणि उरलेलं बोटाने चाटलं. झिलाच्या घरात चार पोरं आणि काम गेलेला नवरा, हे तिला त्या बोटागणिक आठवत होतं.

त्या दिवशी पुन्हा आठ माग, पुन्हा बाजूचं दार, पुन्हा वाजतगाजत घरी. दोघी शेजारी शेजारी चालल्या, एक नजर घरावर लावून, दुसरी झाकण बडवत. हेट्टीने डॉक्टरांचं बोलणं जसंच्या तसं सांगितलं, उन्हाळ्याचं तेसुद्धा. झिलाने ऐकून घेतलं आणि मग तिला फैलावर घेतलं. उद्या आत जाऊ नकोस, तू गेलीस की आणखी चौघी जातील, आणि मग आठ मागांखाली चिरडून आणखी किती जणींच्या छाताडात फ्लॉरीचं दुखणं शिरेल ते मोज.  आपण चुकतोय हे हेट्टीला कळत होतंच. पण संप हरला तर गाव हरेल, आणि शेगडी विझली तर फ्लॉरी जाईल, या दोन गोष्टी तिला एका तागडीत घालता येत नव्हत्या.

"मी तुला रोज सांगणार जाऊ नको म्हणून," झिला म्हणाली. "आणि रोज वाजवणार पण. ते मी सोडणार नाही."

"वाजव," हेट्टी म्हणाली. "तुझं बरोबरच आहे."

मैत्रीण असावी तर अशी, असं त्या क्षणी तिच्या मनात आलं. कानाशी झाकण बडवते आणि मागच्या दाराने सूप पाठवते. दोन्ही मनापासून करते.

पुढे मोरीत रोज काही ना काही येऊ लागलं. परसातल्या कोळशाच्या कोनाड्यात एका सकाळी चक्क भरलेली पाटी होती. मोज्यात गुंडाळलेली अंडी आली. दूध आलं. छातीला चोळायला बदकाच्या चरबीची बरणी आली आणि बांधायला तांबडं फ्लॅनेल आलं, जुनं पण धुऊन मऊ झालेलं. फ्लॉरीच्या खोलीतली ओल हटली. एका रात्री ती सलग झोपली. सकाळी उशीला टेकून बसली आणि अंड्याचं टरफल सोलता सोलता म्हणाली, "कुणी दिलं?"

"दिलं कुणीतरी," हेट्टी म्हणाली.

"हं," फ्लॉरी म्हणाली, आणि खिडकीकडे बघत राहिली.

हेट्टीला मात्र वेगळीच काळजी लागली होती. एवढं सगळं झिला आणते कुठून? पोरांच्या तोंडचं काढूनच ना? आणि हे समितीला कळलं तर? ठराव जिने मांडला तीच संपफोडीशी रोज बोलते, तिच्या घरी माल पोचवते, असं उघड झालं तर झिलाला त्या गावात तोंड दाखवायला जागा राहणार नव्हती. समितीवरून काढतीलच, वर उद्या तिच्याही दारापर्यंत पत्रे वाजतील. आपल्यापायी झिलाची अब्रू जावी हे हेट्टीला सहन होणारं नव्हतं. स्वतःची गेली होती, तिचं तिला एवढं वाटलं नव्हतं. दिवसभर आठ मागांमध्ये धावताना तिने ठरवलं की आज हे थांबवायचं. मग फ्लॉरीचं काय व्हायचं ते होवो, असं ती मनाला सांगत होती, पण तो विचार ती पुरा करू शकत नव्हती.

शुक्रवार होता, आठवड्याच्या कामाचा शेवटचा दिवस. ऊन अजून उतारावर रेंगाळत होतं, त्यामुळे गर्दी नेहमीपेक्षा जास्त. हेट्टी बाहेर आली, पत्रे सुरू झाले, झिला शेजारी आली. गल्लीच्या तोंडाशी वळल्यावर हेट्टीने तोंड उघडलं.

"पुरे कर आता. काही पाठवू नकोस."

"काय पाठवू नको?" झिलाने विचारलं.

"सोंग करू नकोस. कोळसा, अंडी, दूध. पोरांना उपाशी ठेवून मला देतेस. आणि समितीला कळलं ना, तर तुला जिवंत सोडायच्या नाहीत."

झिलाच्या हातातलं फावडं हवेतच राहिलं.

"मी सूप ठेवलं," ती म्हणाली. "मंगळवारी. एकदाच. दुसऱ्यांदा हाडंच नव्हती घरात. तेव्हापासून मला इतकी शरम वाटत होती की मी तुला विचारलंही नाही."

"मग अंडी?"

"कसली अंडी?"

दोघी चालता चालता एकमेकींकडे बघत राहिल्या. आणि मग हेट्टीने त्या आठवड्यात पहिल्यांदाच गर्दीकडे सरळ पाहिलं.

अख्खी गर्दी तिच्या तोंडाकडे बघत होती.

विणकरणीच होत्या त्या सगळ्या. कुणी पंधरा वर्षं, कुणी चाळीस वर्षं साळखात्यात काढलेल्या. चार माग पलीकडून, वाफेतून, तिरक्या मानेने ओठ वाचणाऱ्या. आणि या दोघी शहाण्या, हयात साळखात्यात घालवून, त्यांच्याच मधोमध चालत, दणदणाटात कुणाला काही कळत नाही अशा भरवशावर रोज संध्याकाळी घरातलं सगळं उघडं करत होत्या. पत्र्यांचा आवाज आहे म्हणजे आडोसा आहे असं त्यांना वाटलं होतं. आवाजात तर त्या गावातल्या बाया उलट जास्त नीट ऐकायच्या. हेट्टीने आपल्या बहिणीची थुंकी, विझलेली शेगडी, जाळलेली खुर्ची, हे सगळं गल्लीच्या चौकात उभं राहून ओरडल्यासारखं सांगितलं होतं.

उजव्या बाजूला टॅबिथा मावशी होती. गल्लीतली सगळ्यात म्हातारी विणकरीण, दोन्ही कानांनी ठार बहिरी, किटलीवर चमचा वाजवत चालली होती. तिने चमचा न थांबवता ओठ हलवले.

"अंडी माझी. बदकाची आहेत, जरा जास्त उकडत जा."

तिच्या मागची कपड्यांचं दांडकं आपटणारी बाई म्हणाली की कोळसा आमच्या ह्यांनी रुळांच्या कडेने वेचलाय, त्यात दगड निघाले तर राग मानू नकोस. आणखी एकीने फ्लॅनेल सासूचं असल्याचं सांगितलं, सासूला विचारलं नाहीये तेव्हा बोलू नकोस म्हणाली, आणि शेजारी चाललेल्या सासूने तेही वाचलं. कुणाचाही ठोका चुकत नव्हता. पत्रे तसेच दणाणत होते, पोलीस समोर बघत चालले होते, आणि त्यांच्या दोन्ही बाजूंनी गल्ली भरून ओठ हलत होते. दुधाची एक, चरबीची दुसरी. एक बाई मात्र तोंड वाकडं करून म्हणाली, "मी काही दिलं नाही. मला तुझा रागच आहे." हेट्टीने तिच्याकडे बघून मान हलवली. तिचंही बरोबर होतं.

झिलाचा चेहरा बघण्यासारखा झाला होता. आठवडाभर आपण सगळ्या समितीच्या डोळ्यांत धूळ फेकतोय अशा भ्रमात असलेली ही बाई आता मानेपर्यंत लाल झाली.

"मावशी, ठराव," ती कशीबशी म्हणाली. "बोलायचं नाही असा माझाच ठराव होता."

"बोललं कोण?" टॅबिथा मावशीने विचारलं. "कुणाचा आवाज आला का? मला तर नाही आला."

हेट्टीला हसू आलं आणि त्याच हसण्यात डोळे भरून आले. चढण तिला दिसेना. इतके दिवस ती या पत्र्यांना घाबरून, गर्दीकडे न बघता चालली होती. आपल्याला गावाने टाकलं असं धरून बसली होती. आणि हेच हात संध्याकाळी तिच्या नावाने पत्रे बडवत होते आणि पहाटे तिच्या मोरीत अंडी ठेवून जात होते. तिने संप मोडला म्हणून त्यांनी तिला माफ केलं नव्हतं. माफ न करताच त्यांनी फ्लॉरीची शेगडी पेटती ठेवली होती. एवढं कुणी कुणासाठी करावं असं आपण काय केलं, हे तिला काही केल्या कळेना, आणि कृतज्ञतेने तिची छाती इतकी भरून आली की पाय उचलणं जड झालं. झिलाने झाकण काखेत मारलं आणि तिच्या कोपराला धरलं. अंगाला बोट लावायचं नाही हा नियमही तिथे मोडला. कुणी काही म्हणालं नाही.

त्या दाराशी पोचल्या. शेवटचा दणका झाला, पत्रे थांबले, आणि नेहमीप्रमाणे गर्दी पांगायला हवी होती. पण कुणी हललं नाही. सगळ्या खिडकीकडे बघत होत्या.

पडदा बाजूला होता. फ्लॉरी खाटेवर गुडघ्यांवर उभी राहून काचेला टेकली होती. केस सुटलेले, खांद्यावर ते तांबडं फ्लॅनेल. तिच्याने मोठ्याने बोलवत नव्हतं आणि काच मध्ये होती, पण ती विणकरीण होती आणि बाहेरही विणकरणी होत्या. तिने ओठ ताणले.

"झिला, तुझं सूप अळणी होतं."

गल्ली हसली. हसण्याचा आवाज पत्र्यांनंतर इतका मऊ वाटला की पोलिसांनी वळून पाहिलं. हेट्टी हसली नाही. तिच्या लक्षात आलं होतं. खिडकी उताराकडे तोंड करून होती, आणि रोज संध्याकाळी सगळी चढण ती याच खिडकीकडे बघत, ओठ ताणताणून बोलत आली होती. डॉक्टरांनी मोरीत कुजबुजलेलं ते वाक्य तिने मंगळवारीच बहिणीच्या डोळ्यांसमोर धरलं होतं.

फ्लॉरीने आता फक्त तिच्याकडे पाहिलं.

"उन्हाळा मी बघणार आहे," ती म्हणाली. "तो डॉक्टर गेला खड्ड्यात. आणि सोमवारी तू आत गेलीस तर मी या खिडकीतून किटली वाजवेन."

हेट्टी पायरीवर चढली आणि गर्दीकडे वळली. आता आवाज काढून बोलायचं असं तिने ठरवलं. आयुष्यात एकदा तरी माणसांसारखं, मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगायचं. तिने दार ढकलून आधाराला धरलं, श्वास घेतला, तोंड उघडलं, आणि घशातून काही म्हणजे काही आलं नाही. पत्रे बंद होते, गल्ली चिडीचूप होती, आणि तिचे ओठ नुसतेच हलत होते. सोमवारी मी तुमच्यात उभी राहीन, असं ती म्हणाली. फ्लॉरी जगली तर तुमच्यामुळे, आणि नाही जगली तरी तिचे हे दिवस उबेत गेले ते तुमच्यामुळे, हे मी मरेपर्यंत विसरणार नाही, असंही म्हणाली. मला मागता आलं नाही, तुम्ही मागायला लावलं नाहीत, असं म्हणताना तिची हनुवटी थरथरली आणि शेवटचे शब्द नीट उठले नाहीत. तरी सगळ्यांना ते कळले. जी रागावलेली होती, तीसुद्धा शेवटपर्यंत वाचत उभी राहिली.

 झिलाने पदरासारखी शाल ओढून नाक पुसलं. टॅबिथा मावशीने किटली एका हातातून दुसऱ्या हातात घेतली आणि ठार बहिऱ्या माणसाच्या खणखणीत आवाजात, अख्ख्या उतारावर ऐकू जाईल असं म्हणाली, "दार लाव गं आधी. आमचा सगळा कोळसा बाहेर चाललाय."

हेट्टी आत गेली आणि तिने दार लावून घेतलं.